दोन आडमुठे आणि एक फेटा

आडमुठा हा शब्द मला कुणी शिकवला नाही. लग्नाच्या तिसऱ्या दिवशी बायकोनं तो मला लावला आणि पन्नास वर्षं काढला नाही. आता ती नाही. मी शाळेत चौथीपर्यंत गेलो. पाचवीला गुरुजींनी उठबशा काढायला सांगितल्या, मी काढल्या नाहीत, दप्तर तिथंच टाकून घरी आलो. ते दप्तर अजून आणलेलं नाही. तेव्हा माझ्या लिहिण्यात चुका असतील, पण ह्या एका शब्दावर लिहायचा हक्क माझ्याइतका कुणाला नाही.

पुण्याकडची माणसं म्हणतात, मराठवाड्याचा माणूस आडमुठा. माझा जावई नांदेडला नोकरी करतो. त्याचा साहेब पुण्याचा. साहेबानं हे तोंडावर म्हटलं तर जावई म्हणाला, "साहेब, आमी नांदेडची माणसं तशी न्हाईत. ते लातूरकडचे." लातूरला कुणाला विचारा, तो म्हणतो आडमुठे बघायचे तर औशाला जा. औशाचा माणूस चाकूरकडं बोट दाखवतो आणि चाकूरचा औशाकडं. उदगीरकडं कानडीत काय म्हणतात मला माहीत नाही, पण तिथंबी असणारच. शब्द सगळ्यांना ठाऊक आहे, माणूस मात्र कायम शेजारच्या तालुक्यात राहतो. मी औसा तालुक्यातला, बायकोचं माहेर चाकूर तालुक्यात. आमच्या घरात दोन्हीकडून भरती होती.

जिद्दी वेगळा आणि आडमुठा वेगळा. जिद्दी माणूस काहीतरी मिळावं म्हणून अडतो. आडमुठा मिळत असताना अडतो. माझ्या बापाकडं एक बैल होता. गोठ्याचं दार उघडं, आत कडबा टाकलेला, आणि हा बाहेर पावसात भिजत उभा. का, तर आदल्या दिवशी त्याला शेपूट पिरगाळून आत घातला होता. आत जायचं त्याच्या मनात होतं, पण तसं कुणाला दिसू द्यायचं नव्हतं. बाप म्हणायचा, आडमुठं हाय. आणि मग स्वतःबी घोंगडं घेऊन त्याच्याजवळ भिजत उभा राहायचा. मला कुणाचं वळण लागलं ते कळलं असंल.

चांगल्या अर्थानंबी हा शब्द चालतो. किल्लारीकडं भूकंपानंतर गावं उठून नव्या जागी बसली, तरी सकाळी भाकरी बांधून जुन्या जागेवरच्या लिंबाखाली जाऊन बसणारे म्हातारे होते. त्यांनाबी लोक आडमुठे म्हणायचे, पण ते म्हणताना आवाज खाली यायचा.

माझ्या बाबतीत आवाज खाली यायचं काही कारण नव्हतं. माझा मेव्हणा, म्हणजे बायकोचा धाकटा भाऊ, आणि मी बारा वर्षं एकमेकांशी बोललो नाही. एका टोपीपायी.

आमच्याकडं लग्नात अक्षता पडल्या की टॉवेल-टोपीचा आहेर असतो. माईकवर एकेकाचं नाव पुकारतात. माणूस पुढं येतो, यजमान त्याच्या डोक्यावर पांढरी टोपी ठेवतो, खांद्यावर टॉवेल टाकतो. त्या टॉवेलनं अंग पुसलं जात नाही, पाणी नुसतं इकडचं तिकडं जातं. टोपी एका धुण्यात लिंबाएवढी होते. घरी नेली की कुणी तिच्याकडं बघत नाही. पण नाव पुकारलं गेलं पाहिजे. नाव नाही पुकारलं तर भाऊ भावाच्या मयताला जात नाही, अशी आमची माणसं आहेत.

मेव्हण्याच्या पोराचं लग्न होतं, चाकूरला. मेव्हण्याचे आईबाप लवकर गेले, त्याला माझ्या बायकोनं कडेवर वाढवलेला. म्हणजे मांडवात पहिला मान बहिणीच्या नवऱ्याचा. माईक सुरू झाला तसा मी डोक्यावरची टोपी काढून खिशात घातली आणि खांबाजवळ उभा राहिलो. सरपंच झाले. सोसायटीचे चेअरमन झाले. नवरीचे मामे, मावसे, चुलते झाले. बँडवाला झाला. मी आपला टक्कल घेऊन उभा. शेवटी आचाऱ्याला बोलावलं, तो हात पुसत आला आणि टोपी घालून गेला. मग माईकवाला म्हणाला, "आता सगळ्यांनी जेवूनच जावं."

मी खिशातली टोपी काढली, डोक्यावर घातली आणि जेवूनच गेलो नाही. सरळ स्टँडवर. लातूरची गाडी लागलेलीच होती.

बायको दुसऱ्या दिवशी आली, बुंदीचा डबा घेऊन. डबा आपटला.

"आडमुठे हाव तुमी," ती म्हणाली. "त्यानं तुमच्यासाठी लातूरहून गुलाबी फेटा आणून ठेवला हुता. माईकवर बँडवाल्यासंगट नगं, जेवणं झाल्यावर घरात पाटावर बसवून आपल्या हातानं बांधायचा हुता. बापाच्या जागी मनून."

"मग आदी सांगाय काय झालतं?"

"मान करायचा असला की आदी सांगत्यात व्हय?"

आता खरं सांगतो. तेव्हाच मला कळलं होतं की चूक माझी. पण तोवर मी स्टँडवर सांगितलं होतं, हॉटेलात सांगितलं होतं, कटिंग करताना न्हाव्याला सांगितलं होतं. अर्धं गाव माझ्या बाजूनं झालं होतं. एवढ्या लोकांना माघारी कसं फिरवायचं? तिकडं मेव्हणा अडून बसला. त्याचं म्हणणं, माझ्या मांडवातून दाजी उपाशी गेले, ते येऊन जेवल्याबिगर मी त्यांच्या दारात जायचा नाही. माझं म्हणणं, त्यानं फेटा घेऊन माझ्या दारात यावं, मग जेवणाचं बघू.

बारा वर्षं फेटा त्याच्या पेटीत आणि भूक माझ्या पोटात.

बोलणं मात्र थांबलं नव्हतं. रोज दिवा लावायच्या वेळेला त्याचा फोन बायकोच्या मोबाईलवर यायचा. ती स्पीकर चालू करून मधे ठेवायची.

तिकडून आवाज यायचा, "अक्का, दाजीला इचार, तूर फुलली का."

मी समोरच बसलेला. मी म्हणायचो, "त्याला सांग, फुलली. पण आळी लई हाय."

"अक्का, त्यांना म्हणावं, ढगाळ हाय तवर फवारू नगा."

"त्याला म्हणावं, मला शिकवू नगस."

बायको भाकरी थापत बसलेली असायची. एक अक्षर बोलायची नाही. मधेच कधी म्हणायची, "झालं का दोघा आडमुठ्यांचं? बंद करू?" मग दोन्हीकडून एकदमच, "थांब."

एकदा त्याचं पोटाचं ऑपरेशन झालं, लातूरला. मी चार दिवस दवाखान्याच्या बाहेरच्या बाकड्यावर बसून होतो. आत गेलो नाही. डबा मीच नेत होतो, आत बायको न्यायची. तिसऱ्या दिवशी ती बाहेर आली आणि म्हणाली, "तो मनतोय, शेंगाच्या चटणीत मीठ जास्त झालंय." चटणी मी कुटलेली. मी म्हणालो, "त्याला सांग, पोटाला टाके पडलेल्या माणसानं चटणी खाऊ नये." ती आत गेली आणि तिकडून तिचं हसणं ऐकू आलं.

मागल्या पावसाळ्याच्या शेवटी ती गेली. चार दिवस ताप, मग लातूर, मग संपलं. ह्याच्यावर मला जास्त लिहिता येत नाही.

मेव्हणा माहेरची हिरवी साडी घेऊन आला. तिच्या पायाशी बसून साडीच्या काठाची एक बाजू सरळ करत राहिला, एक बाजू मी करत होतो. तेवढ्यापुरतं आमच्यात तेच काम होतं.

तेराव्याला सासरवाडीकडून दुखवट्याची टॉवेल-टोपी असते. बायको गेलेल्या माणसाच्या डोक्यावर तिच्या भावानं टोपी ठेवायची, म्हणजे आता ऊठ आणि कामाला लाग. मेव्हणा टोपी घेऊन माझ्यासमोर आला. हात वर केला. ज्या टोपीसाठी अकरा वर्षं रुसलो ती डोक्यापासून चार बोटांवर आली, आणि मी मान बाजूला काढून घेतली. भिंतीकडं बघून म्हणालो, "जिला बघायचं हुतं ती गेली. आता कामून?"

कामून म्हणजे कशासाठी. आमच्या भागात ह्या एका शब्दानं माणूस मारता येतो.

त्यानं टोपी तिच्या फोटोपुढं ठेवली, हात जोडले आणि गेला. न जेवता. ती वाढलेलं ताट घेऊन उभी असती तर दोघांनाही कानाला धरून बसवलं असतं.

त्यानंतर वर्षभर तिचा मोबाईल माझ्याकडं. दिवा लावायच्या वेळेला तो वाजायचा. त्याच्यावर "भाऊ" असं यायचं. मी उचलायचो. तिकडं मेव्हणा गप्प, इकडं मी गप्प. मधे बोलणारं माणूस नाही. त्याच्या गोठ्यातली म्हैस ओरडलेली ऐकू यायची, आमच्या देवळातली घंटा त्याला ऐकू जात असंल. एखादं मिनिट झालं की तो ठेवायचा. लोक विचारायचे, मेव्हणे फोन करत्यात का? मी म्हणायचो, रोज. काय बोलता? मी म्हणायचो, काय न्हाई. दोन्ही खरं होतं.

वर्षश्राद्धाच्या तीन दिवस आधी लेक नांदेडहून आली. आल्या आल्या डबे उघडून बघितले आणि भांडी घासायला काढली. सगळं झाल्यावर म्हणाली, "दादा, मामाला कोण सांगणार?"

शेजारची थोरली चुलती दारात बसली होती. तिला ऐकू कमी येतं, पण असलं बरोबर ऐकू येतं. ती म्हणाली, "वर्सश्राद्धाला माहेरचं माणूस पयलं जेवतं. त्याच्या तोंडात घास पडल्याबिगर तिचा घास पोचत न्हाई. बाईमाणूस उपाशी जाईल माघारी."

लेक म्हणाली, "मी लावते मामाला फोन."

"माहेरला फोनवर सांगत्यात व्हय?" मी म्हणालो.

"मग जावा ना तुमी!"

मी आढ्याकडं बघत बसलो. बायको जन्मात कधी सगळ्यांच्या आधी जेवली नाही. गडी जेवायचा, कुत्रं जेवायचं, मग ती. आणि वर्षाच्या दिवशी तिनं उपाशी जायचं, ते माझ्या मानेपायी. जी मान मी चार बोटं हलवली होती. सकाळी उठलो, आंघोळ केली, काही न खाता स्टँडवर गेलो. न खाता मुद्दाम गेलो. ते पुढं येईल.

औसा ते लातूर, लातूर ते चाकूर. गाडीत एक माणूस खिडकी उघडीच ठेवा म्हणत होता, दुसरा बंद करा म्हणत होता. काच मधेच अडकली तेव्हा कंडक्टर म्हणाला, "चाकूरचे हाव का?" दोघंही एकदम म्हणाले, "औशाचे." मी टोपी खाली ओढली.

मेव्हण्याच्या अंगणात गेलो तेव्हा तो म्हशीला पाणी दाखवत होता. त्यानं मला बघितलं. मी त्याला बघितलं. बादली खाली ठेवली आणि तो म्हशीकडं तोंड करून म्हणाला, "बघ गं, औशाकडून पाव्हणं आल्यात. पाणी पेता का इचार."

मीबी म्हशीकडं बघितलं. दुसरं कोण होतं तिथं? म्हणालो, "सांग त्याला, पाणी पिऊन आलोय. दुसऱ्या कामानं आलोय."

"काय काम हाय मनावं?"

"परवा तिचं वरीस हाय. माहेरानं यावं मनावं. पयलं पान माहेराचं."

म्हैस रवंथ करत होती. मेव्हण्यानं तिच्या पाठीवरून हात फिरवला.

"मागल्या बारीला टोपी नगं मनले," तो म्हशीला म्हणाला. "आन आता जेवाय बोलवायलेत."

मी मग म्हणालो, "चुकलं मनावं."

हा शब्द मी जन्मात बापाला बोललो नाही, गुरुजींना बोललो नाही, बायकोला तर नाहीच नाही. पहिल्यांदा बोललो तो म्हशीला.

मेव्हण्याचा हात थांबला. तो माझ्याकडं वळला. डोळे लाल झाले होते. म्हणाला, "तिला काय सांगता? ती गाभण हाय. तिला ताप देऊ नगा. मला सांगा."

तेवढ्यात त्याची बायको आतून पदर खोचत आली. तिनं सगळं ऐकलं होतं. "आडमुठे!" ती ओरडली. "दोघं बी! एकाला झाकावं आन एकाला काढावं! वन्सं कशा सोसत हुत्या देवाला ठाऊक. म्हशीला मधी घालता व्हय रे?"

वर्षभरानं तो शब्द कानावर पडला. मला एकदम भूक लागली.

मी म्हणालो, "वैनी, ह्या घरातलं माझं एक पान ऱ्हायलंय. बारा वर्सं झाली. वाढा."

ज्वारीची भाकरी, येसराची आमटी, कांदा. मेव्हणा समोर बसला, जेवला नाही, नुसता माझ्या हाताकडं बघत होता. घास खरोखर तोंडात जातो का ते तपासल्यासारखं. मी पहिली भाकरी खाल्ली, दुसरी, तिसरी. चौथीला तो म्हणाला, "दाजी, बारा वर्सांचं एकदमच खाता का?"

दाजी म्हणाला तो. मधे कुणी नव्हतं.

जेवण झाल्यावर त्यानं पेटी उघडली. आत वास सगळा डांबराच्या गोळ्यांचा. फेटा गुलाबी होता, पण घडीवर रेघा पांढऱ्या पडलेल्या.

"आत्ता नगं," मी म्हणालो. "वरीस व्हायचंय. गुलाबी कसा बांधू डोक्याला?"

"परवा बांधतो. वरीस झालं की दुखवटा फिटला."

"लोक हासत्याल."

"हासू द्या," तो म्हणाला. "अक्काला आवडायचं लोक हासलेलं."

वर्षश्राद्धाच्या दिवशी बाराची वेळ सांगितली होती. आमच्याकडं बारा म्हणजे दीड, ते सगळ्यांना माहीत आहे. दीड वाजता पंगत बसली. पत्रावळीवर पुरणपोळी, कढी, भजी, खीर वाढून झाली. पहिलं पान रिकामं. मेव्हण्याचा पत्ता नाही.

"कुणी हात लावायचा न्हाई," मी म्हणालो.

भावकी कुजबुजायला लागली. भजी गार झाली, कढीवर साय आली. दोन वाजले. एक पुतण्या म्हणाला, "आबा, मामा आल्यावर त्यांना वेगळं वाढू ना." मी म्हणालो, "पयलं पान त्याचं. बसा गुमान." मागून कुणीतरी म्हणालं, "आडमुठं म्हातारं," आणि मी वळून बघितलं नाही, कारण बरोबर होतं.

लेकीनं फोन लावला. स्पीकर चालू.

"मामा, कुठं हाव?"

"चाकूरला."

"अजून चाकूरलाच?"

"परत चाकूरला. येतो. वाढू नगा." आणि ठेवला.

परत चाकूरला. म्हणजे निघून माघारी फिरला. तेराव्याची आठवण झाली असंल त्याला, वाटेत राग आला असंल. येणारच असंल तर परत कशाला जाईल? तिच्या फोटोकडं बघायची मला सोय उरली नाही. पंगतीत कुणी कुणाकडं बघत नव्हतं. चुलती मोठ्यानं म्हणाली, "उपाशी जाती वाटतं बाई." लेकीनं तिला गप्प केलं. आणि तरीबी मी म्हणालो, "कुणी हात लावायचा न्हाई."

चार वाजायला आले तेव्हा जीप दारात थांबली. मेव्हणा उतरला, घामानं भिजलेला, काखेत पिशवी. सगळ्यांनी मान वर केली.

"लातूरपर्यंत आलो," तो म्हणाला, "तवा ध्यानात आलं, फेटा पेटीवरच ऱ्हायला. मग परत गेलो."

पुतण्या म्हणाला, "मामा, लातुरात गंजगोलाईला पन्नास दुकानं हायत फेट्याची!"

"तो हा न्हाई," मेव्हणा म्हणाला आणि पहिल्या पानावर जाऊन बसला.

त्यानं फोटोकडं बघून हात जोडले, पोळीचा तुकडा मोडला, कढीत बुडवून तोंडात घातला. गार कढी. मी त्याच्या गळ्याकडं बघत होतो. घास खाली उतरला तेव्हा सगळ्या पंगतीनं एकदम हात घातला. चुलतीनं सगळ्यांच्या आधी.

जेवणं झाल्यावर त्यानं मला पाटावर बसवलं आणि फेटा बांधायला घेतला. त्याला फेटा बांधता येत नाही. बारा वर्षं त्यानं तो जपला, पण बांधायला शिकला नाही. एकदा कानावर आला, एकदा डोळ्यांवर. डांबराच्या गोळ्यांच्या वासानं मला शिंका येत होत्या. शेपटा मागं पाहिजे तो पुढं लोंबायला लागला. सत्तरी ओलांडलेला रंडका माणूस, बायकोच्या वर्षश्राद्धाला गुलाबी फेटा घालून पाटावर बसलेला. पहिली हसली ती लेक. हसता हसता पदर तोंडाला लावून स्वयंपाकघरात गेली. तिथून बराच वेळ बाहेर आली नाही.

मी फेटा तसाच ठेवला. मेव्हणा निघाला, जीप गेली, मांडव काढणारे आले, तरी काढला नाही.

दिवा लावायच्या वेळेला मोबाईल वाजला. "भाऊ". मी उचलला. आता आम्ही बोलणारी माणसं झालो होतो, पण सवयीनं दोघंही गप्प. म्हैस ओरडली. मग तिकडून आवाज आला.

"अक्का, दाजीला सांग, पोचलो मनून."

मी स्पीकर चालू केला आणि मोबाईल तिच्या फोटोपुढं टेकवून ठेवला.

"सांगितलं मनावं," मी म्हणालो. "आन फेटा ढिला बांधलाय मनावं."

"त्यांना मनावं, डोस्कं बारीक झालंय. चार घास जास्त खात जावा."

"त्याला मनावं, मला शिकवू नगस."